सरकारी शिक्क्याचे प्रयोगपट

मुख्य बोलपटापूर्वी मंजूर केलेला अनुबोधपट दाखविलाच पाहिजे, असा सरकारी दंडक ज्या काळी चित्रपटगृहांच्या मालकांवर लागू होता, त्या काळी धरणे, खते आणि कुटुंबनियोजन यांची महती धीरगंभीर निवेदनातून निमूटपणे ऐकून घेण्याची सवय प्रेक्षकांच्या अंगवळणी पडली होती. आणि 1948 साली स्थापन झालेल्या मुंबईच्या फिल्म्स डिव्हिजनकडून याहून निराळी अपेक्षाही कोणी करीत नसे. परंतु 1960 नंतर, जीन भावनगरी यांच्यासारख्या कलासक्त अधिकाऱ्याच्या आश्रयाने, याच दफ्तरातून आपल्याकडील अत्यंत धाडसी लघुपट बाहेर पडले. 1967 साली मकबूल फिदा हुसेन यांनी राजस्थानात चित्रित केलेल्या लघुपटात छत्री, कंदील आणि जोडा एकमेकांच्या शेजारी येत राहतात, त्यांतून कथा म्हणून काही निघत नाही. तरीही बर्लिनच्या महोत्सवात त्याला लघुपटासाठीचे सुवर्ण अस्वल मिळाले.

असे लघुपट करणाऱ्या दिग्दर्शकांत प्रमोद पती सर्वांत अवखळ. त्यांच्या 1972 मधील ‘आबिद’मध्ये ‘ढब्बूजी’ या व्यंगचित्रमालेचे जनक आबिद सुरती एका खोलीच्या भिंती रंगवीत सुटतात; पण कॅमेरा सलग चाललेला नाही. माणसाने निश्चल उभे राहावयाचे, एक चौकट टिपावयाची, त्याने किंचित सरकावयाचे, पुन्हा एक चौकट. आणि पडद्यावर सेकंदाला 24 चौकटी धावू लागल्या म्हणजे तोच माणूस पाऊल न उचलता जमिनीवरून घसरत जातो! ‘एक्सप्लोरर’मध्ये (1968) तर नाचणारे तरुण, प्रयोगशाळा आणि देवादिकांच्या प्रतिमा इतक्या वेगाने आदळतात की ओळख पटण्यापूर्वीच दृश्य निसटते.

असे चित्रपट पाहताना आरंभी जो त्रास होतो, तो बुद्धीच्या उणिवेचा नसून सवयीचा आहे: ‘हा कोण, पुढे काय?’ हे प्रश्न बोलपटाने आपल्याला इतके शिकविले आहेत की ते विचारल्यावाचून डोळा पुढे सरकत नाही. तराणा ऐकताना मात्र शब्दार्थाचा आग्रह आपण नाहक धरीत नाही, लयीवर मान डोलवितो. तीच मुभा येथे डोळ्यांना द्यावी, म्हणजे आघात, विराम आणि पुनरावृत्ती यांची वीण हळूहळू प्रत्ययास येते. नवख्याने ‘आबिद’पासून आरंभ करावा, कारण ‘एक्सप्लोरर’ अद्भुत असला तरी त्यात चमत्कृतीची हौस थोडी अधिकच झाली आहे, असे आमचे मत आहे.