रेषांची माणसं : बोलेक-लोलेकचे बाबा

मागच्या आठवड्यात आपण चेकोस्लोव्हाकियात होतो. आता सरहद्द ओलांडून जरा उत्तरेला जाऊ, पोलंडमधल्या बिएल्स्को-बियावाला. मुळात ही दोन गावं, मधून नदी वाहते. १९५१ साली ती एक झाली. कापडगिरण्यांचं शहर. वॉर्सा, क्राकूव्ह सोडून पोलिश मुलांचे लाडके कार्टूनपट या गिरणगावात तयार झाले, आणि त्यात मोठा वाटा होता व्वादिस्वाव नेहरेबेत्स्की यांचा.

त्यांचा जन्म १९२३चा, बोरिस्वावचा. तेलविहिरींचं हे गाव तेव्हा पोलंडमध्ये होतं. महायुद्धाने नकाशा फिरवला आणि आज ते युक्रेनमध्ये आहे. १९४७ साली कातोवित्सेत एका वर्तमानपत्राच्या आसऱ्याने काही तरुण चित्रकारांनी कार्टूनपट काढायचा घाट घातला, त्यांत नेहरेबेत्स्की होते. पुढे मंडळींनी स्टुडिओचं बिऱ्हाड आधी व्हिस्वाला आणि मग बिएल्स्कोला हलवलं. प्राणीकथा, परीकथा असं बरंच काही करून झाल्यावर १९६०च्या दशकाच्या सुरुवातीला त्यांना खरा विषय सापडला, तोही घरातच. त्यांचे दोन मुलगे!

त्यांच्यावरून सुचलेल्या मालिकेत बोलेक उंच, शिडशिडीत. लोलेक बुटका, गोलमटोल. दोघं भाऊ. ना जादूची कांडी, ना राक्षस. दुपारी मोकळी सुटलेली पोरं जे उद्योग करतील तेच हे करतात: धनुष्यबाण बनवतात, काहीतरी मोडतात, भांडतात, पुन्हा एक होतात. बहुतेक जुन्या भागांत संवाद जवळजवळ नाहीतच. सगळं भुवया, खांदे आणि पार्श्वसंगीत यांवर तोललेलं. त्यामुळे परदेशात विकताना डबिंगची फारशी कटकट नव्हती.

संवाद नसले की चित्रकाराची मात्र सुटका नसते. एक भाग साधारण दहा मिनिटांचा. सेकंदाला २४ चौकटी धरल्या तर १४,४०० चौकटी. एक चित्र दोन चौकटींना वापरलं तरी सात हजारांवर चित्रं. मुख्य चित्रकार हालचालीचं पहिलं आणि शेवटचं टोक काढणार, मधली चित्रं दुसरे भरणार. मग पारदर्शक सेल्युलॉइडवर शाईने रेषा आणि पाठीमागून रंग, म्हणजे रेषेवर रंग चढत नाही. शेवटी एकेक चित्र कॅमेऱ्याखाली. हे एकट्याचं काम नव्हे. मालिकेचे कितीतरी भाग नेहरेबेत्स्कींच्या सहकाऱ्यांनी दिग्दर्शित केले. म्हणूनच मला ते दिग्दर्शकापेक्षा कारखाना उभा करणारे उस्ताद जास्त वाटतात.

१९६८पासून त्यांनी या पोरांना जगाच्या सफरीवर धाडलं. फॅरोची कबर, इंका लोकांचं सोन्याचं शहर, ऑस्ट्रेलियाची माळरानं. त्या काळच्या पोलंडमध्ये पासपोर्ट घरच्या कपाटात नसायचा; तो सरकारदरबारी जमा असायचा आणि परदेशी जायचं तर मागून घ्यावा लागायचा, मिळेलच याची खात्री नाही. आईबापांना जे जमत नव्हतं ते ही दोन पोरं दहा मिनिटांत उरकायची. सेन्सॉरला त्यात खुपण्यासारखं काही नव्हतं. मुलांचंच कार्टून ते! या भागांतले आफ्रिकी आणि रेड इंडियन लोक आज पाहताना खटकतात, हेही सांगायला हवं. ते जग पुस्तकं वाचून रेखाटलेलं होतं.

मुलींनी तक्रार केली म्हणून १९७३मध्ये तोला नावाची मुलगी मालिकेत आली. आणि १९७७मध्ये, स्तानिस्वाव द्यूल्झ यांच्यासोबत, नेहरेबेत्स्कींनी 'बोलेक आणि लोलेकचा मोठा प्रवास' पडद्यावर आणला. मुलांसाठीचा हा पहिला पूर्ण लांबीचा पोलिश कार्टूनपट. ज्यूल व्हर्नच्या ऐंशी दिवसांच्या पृथ्वीप्रदक्षिणेवर बेतलेला. पोरं निघतात आणि एक खट बटलर पावलोपावली आडवा येतो.

पुढच्याच वर्षी, डिसेंबर १९७८मध्ये, नेहरेबेत्स्की गेले. वय अवघं ५५. मालिका १९८६पर्यंत चालू राहिली. पण पोरं नेमकी कुणाची, हा प्रश्न मागे उरला. कल्पना नेहरेबेत्स्कींची, पण पात्रांच्या चित्रांशी आल्फ्रेड लेडविग आणि लेशेक लोरेक यांचीही नावं जोडलेली. समाजवादी स्टुडिओत हक्क कुणाचा हे कोण विचारत बसणार? व्यवस्था बदलली, बाहुल्या-पुस्तकांतून पैसा दिसू लागला आणि वाद कोर्टात गेला, वर्षानुवर्षं चालला.

पुढच्या भागात याच स्टुडिओतला रेक्सिओ कुत्रा आणि त्याचे जनक लेखोस्वाव मार्शावेक.