कडेची खुर्ची – लेखांक ९ : एकोणपन्नासाव्या वर्षी उघडलेलं दार

१९७० चा नाताळ. लंडनच्या रीजंट स्ट्रीटवरच्या हॅम्लेज या खेळण्यांच्या दुकानात सणाची झुंबड उडालेली. गल्ल्यामागे उभ्या असलेल्या विक्रेतीचं वय ४९. घटस्फोटाला दहा-अकरा वर्षं झालेली, पदरात दोन मुलं. मिळेल ते काम करून तिनं घर चालवलेलं. त्याच सुमारास तिला निरोप आला : माइक ली नावाचा एक तरुण दिग्दर्शक पहिला चित्रपट करतोय. त्याला प्रौढ वयाची बाई हवी आहे, पण संहितेशिवाय, आयत्या वेळी सुचेल तसा अभिनय करता येणारी.

त्या बाईचं नाव लिझ स्मिथ. पुढची जवळजवळ चाळीस वर्षं ब्रिटिश टीव्हीवर विक्षिप्त आजी, हट्टी सासू किंवा तऱ्हेवाईक शेजारीण हवी असली, की हे नाव हमखास निघायचं.

मागच्या लेखांकात आपण पाहिलं, की ब्रिटिश विनोदी मालिकेचा हंगाम बहुधा सहाच भागांचा असतो आणि भाग अर्ध्या तासाचा. त्यात कडेच्या पात्राच्या वाट्याला येतात मोजकी मिनिटं. नायिकेचं आयुष्य लेखक उलगडून दाखवतो. कडेच्या नटीला मात्र आपलं आयुष्य सोबत घेऊनच दारातून आत यावं लागतं. लिझ स्मिथकडे ते भरपूर साठलेलं होतं.

११ डिसेंबर १९२१ रोजी इंग्लंडच्या लिंकनशरमधल्या स्कन्थॉर्प या पोलादाच्या गावी तिचा जन्म झाला. ती दोन वर्षांची असताना आई गेली, सात वर्षांची असताना वडील सोडून गेले. वाढवलं आजीनं. पुढे पडद्यावर इतक्या आज्या रंगवणाऱ्या या बाईनं लहानपणी घरात रोज पाहिली ती आजीच. दुसऱ्या महायुद्धात ती नौदलाच्या महिला दलात होती. नवऱ्याची आणि तिची गाठ पडली ती त्याच काळात, भारतात. १९५९ मध्ये घटस्फोट झाला.

त्यानंतरची वर्षं ओढाताणीची. पण एक गोष्ट तिनं सोडली नाही. अमेरिकेतून लंडनला आलेले दिग्दर्शक चार्ल्स मॅरोविट्झ यांच्या नाट्यगटात ती जाऊ लागली. दिवसभर पोटापाण्याचं काम आणि मग तिथली तालीम. समोरच्याचं बोलणं ऐकायचं आणि पात्राच्या मनातून जे येईल ते बोलायचं, हा अभ्यास तिनं वर्षानुवर्षं केला. तेव्हा त्यातून ना पैसा मिळाला, ना नाव.

माइक ली यांची पद्धत नेमकी हेच मागणारी होती. ते लिहिलेली संहिता घेऊन येत नाहीत. नटांसोबत दीर्घ तालमी करतात, पात्राचा भूतकाळ रचतात आणि त्यातूनच प्रसंग आणि संवाद पक्के करतात. ‘ब्लीक मोमेंट्स’ (१९७१) या चित्रपटात लिझ स्मिथला छोटी भूमिका मिळाली. दोन वर्षांनी लींनीच बीबीसीच्या ‘प्ले फॉर टुडे’ या नाट्यमालिकेसाठी केलेल्या ‘हार्ड लेबर’मध्ये ती मध्यवर्ती भूमिकेत होती : घरी राबणारी आणि दुसऱ्यांच्या घरीही धुणी-पुसणी करणारी मिसेस थॉर्नली. फार न बोलणाऱ्या या बाईचा थकवा तिच्या हालचालींतूनच दिसतो. त्याच नाटकात एका छोट्या भूमिकेत बेन किंग्जली आहेत, पुढे ‘गांधी’ झालेले.

मग कामं येत राहिली. ॲलन बेनेट यांनी लिहिलेल्या ‘अ प्रायव्हेट फंक्शन’ (१९८४) या चित्रपटात १९४७ च्या रेशनच्या दिवसांत चोरून पाळलेल्या डुकराची गोष्ट आहे. त्यात मॅगी स्मिथच्या म्हाताऱ्या आईची भूमिका लिझ स्मिथनं केली आणि सहायक अभिनेत्रीचा बाफ्टा पुरस्कार मिळवला. ‘द व्हिकर ऑफ डिब्ली’मध्ये ती लेटिशिया क्रॉप्ली झाली. न जुळणारे जिन्नस एकत्र करून केलेले पदार्थ ही म्हातारी प्रेमानं पुढे करते आणि गाव चेहरा सांभाळत ते गिळतं. टिम बर्टनच्या ‘चार्ली अँड द चॉकलेट फॅक्टरी’त एका पलंगावर चौघं आजी-आजोबा झोपलेले असतात. त्यांतली जॉर्जिना आजी हीच.

पण ती घराघरात पोहोचली ‘द रॉयल फॅमिली’मुळे (१९९८–२०००). नाव रॉयल असलं, तरी हे मँचेस्टरचं कामगार कुटुंब. कॅरोलाइन अहर्न आणि क्रेग कॅश या मुख्य लेखकांनी तेव्हाच्या विनोदी मालिकांचा रिवाज मोडला. प्रेक्षकांचं हसू काढून टाकलं आणि मालिका जवळपास एका दिवाणखान्यातच ठेवली. सगळे सोफ्यावर बसून टीव्ही बघतात, चहा पितात, एकमेकांना टोमणे मारतात. हशा नसल्यामुळे वाक्य फेकून टाळी घ्यायची सोय नाही. इथे ‘नाना’ ही आजी नुसती बसते, ऐकते आणि जावयाच्या वर्मी बसेल असं काहीतरी निरागसपणे बोलून जाते. मॅरोविट्झच्या गटात गिरवलेलं ऐकणं इथे कामी आलं.

२००६ च्या ‘द क्वीन ऑफ शीबा’ या विशेष भागात नानाची खाट त्याच दिवाणखान्यात आली आहे. आजवर जिच्यावर हसलो, तिचं मरण आता त्याच खोलीत येऊन बसलं आहे. पंचाऐंशीच्या उंबरठ्यावरच्या नटीनं हे करताना कुठेही दया मागितली नाही. नाना शेवटपर्यंत तशीच खट्याळ, तशीच हट्टी राहते, आणि म्हणूनच तिचं जाणं लागतं.

२००९ मध्ये तिला एमबीई हा राजसन्मान मिळाला आणि त्याच वर्षी तिनं काम थांबवलं. २४ डिसेंबर २०१६ रोजी, वयाच्या ९५ व्या वर्षी ती गेली. तेव्हाही नाताळच होता.

उशिरा सुरुवात झाली, असं तिच्याबद्दल नेहमी म्हटलं जातं. मला ते अर्धंच खरं वाटतं. उशीर झाला तो दार उघडायला; काम तर तिनं कधीच सुरू केलं होतं.

पुढच्या लेखांकात नेमकी उलट गोष्ट : अवघ्या दोन महिन्यांची असताना रंगमंचावर आलेली थोरा हर्ड.