एक नायक, दोन खलनायक

व्हिडिओ गेमवरून मुलांसाठी कार्टून मालिका करायची झाली, तर कथेच्याही आधी प्रश्न उभा राहतो तो पात्रांचा. गेममधल्या आकृतीला रंग, रूप आणि हालचाल असली की काम भागते; तिला स्वभाव नसला तरी खेळणाऱ्याचे काही अडत नाही, कारण त्या आकृतीने काय करावे हे तोच ठरवत असतो. मालिका पाहणाऱ्या मुलाच्या हाती मात्र काहीच नसते, म्हणून पडद्यावरचे पात्र का धावते, कोणाला घाबरते आणि त्याला काय हवे आहे, हे सारे लेखकालाच पुरवावे लागते. अमेरिकेतील हॅना-बार्बेरा या कंपनीने 1982 मध्ये ‘पॅक-मॅन’ या गेमवर मालिका काढली, तेव्हा भूलभुलैयात ठिपके गिळत फिरणाऱ्या त्या पिवळ्या गोळ्याला पेपर नावाची बायको आणि एक तान्हे मूल देण्यात आले, तर त्याच्या मागे लागणाऱ्या भुतांना मेझमॅरॉन नावाचा एक धनी मिळाला. भुते पाठलाग का करतात, या प्रश्नाचे उत्तर गेमला द्यावे लागले नव्हते, ते मालिकेला द्यावे लागले.

ही उत्तरे किती वेगवेगळी असू शकतात, हे पाहायचे असेल तर 1993 साली एकाच कंपनीने एकाच गेमवरून काढलेल्या दोन मालिकांइतके चांगले उदाहरण सापडणे कठीण. तो गेम म्हणजे जपानच्या सेगा कंपनीने 1991 मध्ये आपल्या मेगा ड्राइव्ह या कन्सोलसाठी, म्हणजे टीव्हीला जोडून खेळायच्या यंत्रासाठी, बाजारात आणलेला ‘सॉनिक द हेजहॉग’. हेजहॉग हा साळिंदराहून बराच लहान आणि वेगळ्या कुळातला काटेरी प्राणी असून, नाओतो ओशिमा यांनी रेखाटलेला निळा सॉनिक अंगाचा गोळा करून अफाट वेगाने धावतो, सोन्याची कडी गोळा करतो आणि यंत्रप्राण्यांवर आदळून त्यांना फोडतो. प्रत्येक फुटलेल्या यंत्रातून एक लहानसा जिवंत प्राणी बाहेर उडी मारतो, कारण डॉ. रोबोटनिक या शास्त्रज्ञाने त्या मुक्या जिवांना यंत्रांत कोंडलेले असते. गेममधली कथा जवळजवळ एवढीच. सॉनिक त्यात एक शब्दही बोलत नाही. मात्र खेळणाऱ्याने काही क्षण कळ दाबली नाही, तर तो समोर पाहत अधीरपणे पाय आपटू लागतो. पुढे त्याच्या ज्या उतावळ्या स्वभावावर शंभराजवळ भागांची इमारत उभी राहिली, तिचा पाया म्हणजे चित्रांच्या दोन-चार चौकटींत बसणारी ही हालचाल होती. 1992 मधील दुसऱ्या गेमने त्याला टेल्स हा दोन शेपट्यांचा कोल्ह्याचा बच्चा सोबतीला दिला. शेपट्या पंख्यासारख्या फिरवून तो हवेत उडू शकतो.

अमेरिकेतील डीआयसी या कार्टून कंपनीने सप्टेंबर 1993 मध्ये काही दिवसांच्या अंतराने दोन मालिका सुरू केल्या. ‘ॲडव्हेंचर्स ऑफ सॉनिक द हेजहॉग’ ही पहिली मालिका सिंडिकेशन पद्धतीने, म्हणजे एकाच राष्ट्रीय वाहिनीऐवजी ठिकठिकाणच्या केंद्रांना स्वतंत्रपणे विकून, सोमवार ते शुक्रवार रोज दाखवली गेली आणि तिचे 65 भाग झाले. तेरा आठवडे, आठवड्याला पाच, असा त्या काळच्या रोजच्या मालिकांचा तो ठरलेला हिशेब होता. दुसरी मालिका एबीसी या राष्ट्रीय वाहिनीवर शनिवारी सकाळी लागत असे. तिचे नाव गेमचेच असल्यामुळे चाहते तिला शनिवार सकाळ या वेळेवरून ‘सॅटॲम’ म्हणू लागले, आणि दोन हंगामांत मिळून तिचे 26 भाग झाले. दोन्हींत सॉनिकला आवाज जलील व्हाइट या एकाच अभिनेत्याचा होता आणि त्याचा रंग, वेग व बढाईखोरपणाही सारखाच होता. तरीही एक मालिका निखळ प्रहसन ठरली, तर दुसरी परागंदा झालेल्या बंडखोरांची कहाणी, आणि या फरकाचे मूळ नायकात नसून खलनायकात आहे.

पहिल्या मालिकेतला रोबोटनिक हा अंड्यासारख्या प्रचंड धडाचा, काडीसारख्या पायांचा आणि झुपकेदार मिशांचा तापट गृहस्थ आहे. लाँग जॉन बॉल्ड्री या ब्रिटिश ब्लूज गायकाच्या भरदार आवाजात तो जगजेतेपदाच्या गर्जना करतो खरा, पण ती सारी बोलाचीच कढी ठरते, कारण त्याच्या हाताखालची माणसे, किंवा यंत्रे, अगदीच बिनकामाची असतात. लांब मानेचा, कोंबड्यासारखा खिदळणारा स्क्रॅच आणि रणगाड्यासारख्या पट्ट्यांवर सरकणारा, नाकाच्या जागी गिरमिट असलेला ग्राउंडर या जोडगोळीला सॉनिकला पकडून आणण्याची कामगिरी सोपवलेली असते, तर कोकोनट्स नावाच्या यंत्रमाकडाच्या वाट्याला साफसफाई आलेली असल्याने, आपणच सॉनिकला पकडावे आणि धन्याच्या नजरेत भरावे, यासाठी त्याची एकट्याचीच धडपड चाललेली असते. हे तिघेही दुसऱ्या गेममधल्या किरकोळ यंत्रशत्रूंवरून घेतलेले असून, गेममध्ये एका धक्क्यात फुटून जाणाऱ्या त्या आकृत्यांना मालिकेने मत्सर, चमचेगिरी आणि धन्याच्या रागाची धास्ती दिली. सॉनिक वेषांतर करून समोर येतो, कधी फेरीवाला तर कधी साहेब बनतो, आणि निळे काटे धडधडीत दिसत असतानाही स्क्रॅच आणि ग्राउंडर यांना तो ओळखू येत नाही. प्रेक्षक मुलाला मात्र तो पहिल्याच क्षणी ओळखू येतो, आणि आपण पडद्यावरच्या मोठ्यांपेक्षा हुशार आहोत, या जाणिवेतून त्याचे हसू फुटते.

अशा जगात कोणाचे काही कायमचे बिघडत नाही, आणि म्हणून सॉनिकच्या उतावळेपणाची किंमतही कोणाला मोजावी लागत नाही. प्रत्येक भागाच्या शेवटी काही सेकंदांचा उपदेश असे, ज्यात सॉनिक थेट मुलांशी बोलून सुरक्षिततेचे वा वागणुकीचे धडे देई. कोणी नकोसा स्पर्श केला तर विश्वासातल्या मोठ्या माणसाला सांगावे, हा त्यांपैकीच एक. मुलांच्या कार्यक्रमांत शैक्षणिक अंश असावा, असा आग्रह धरणारा कायदा अमेरिकेत 1990 मध्ये झालेला होता, आणि त्या वातावरणात असे जोड-उपदेश अनेक मालिकांना लावले जात. इथे तो वेगळा जोडावा लागला, कारण मूळ गोष्टीत चुकांचे परिणाम दाखवायला जागाच नव्हती.

शनिवारच्या मालिकेत ही जागा पहिल्या भागापासूनच आहे, कारण तिथला रोबोटनिक युद्ध जिंकून बसलेला आहे. राजाचा विश्वासू असल्याचे सोंग करून त्याने सत्ता बळकावली, राजाला बंदिवासात धाडले आणि राजधानीचे धुराने काळवंडलेल्या रोबोट्रॉपलिसमध्ये रूपांतर केले. त्याचा एक हात यांत्रिक आहे, त्याचे डोळे लाल आहेत, आणि जिम कमिंग्ज यांनी त्याला दिलेला आवाज क्वचितच चढतो. रोबोटिसायझर हे त्याचे मुख्य हत्यार जिवंत प्राण्याचे यंत्रात रूपांतर करते, तेही असे की देह हुकूम पाळत राहतो आणि स्वतःची इच्छा नाहीशी होते. गेममधल्या प्राण्याला यंत्राच्या आत कोंडलेले असे आणि यंत्र फोडले की तो सुटे. मालिकेत तो प्राणीच यंत्र होतो, त्यामुळे त्याला फोडून सोडवता येत नाही, आणि एवढ्या एका बदलाने नायकाचा मूळ पराक्रमच निकामी होऊन बसतो.

या मालिकेतली सगळीच पात्रे त्या यंत्राशी असलेल्या नात्यातून घडली आहेत. राजकन्या सॅली ही परागंदा वारस असून, जंगलात दडलेल्या नॉटहोल या गावातून ती लढ्याच्या योजना आखते. रोटर हा वॉलरस त्यांचा यंत्रकुशल मिस्त्री आहे, तर अँटवान शौर्याच्या बाता मारतो आणि वेळ आली की त्याचे पाय लटपटतात. बनी या सशाच्या मुलीचे रूपांतर अर्ध्यावर थांबवण्यात यश आले, म्हणून तिचा एक हात आणि दोन्ही पाय धातूचे आहेत. त्या हातापायांनी ती भिंत फोडू शकते, पण जे बळ साऱ्यांच्या उपयोगी पडते तेच तिच्यावर झालेल्या अत्याचाराची खूणही असते. याहूनही गुंतागुंतीचे पात्र म्हणजे सॉनिकचा काका चक. ते यंत्र मुळात त्यानेच लोकांच्या भल्यासाठी बनवले होते, आणि त्याचाच बळी होऊन तो स्वतः यंत्र झाला. पुढे त्याला स्वत्व परत मिळते, पण देह धातूचाच राहतो, आणि त्याच देहाचा आडोसा करून तो शत्रूच्या नगरीत हेर म्हणून राहतो. रोबोटनिकच्या बाजूला स्नाइव्हली हा त्याचा भाचा आहे, जो मामाचे अपमान मुकाट्याने गिळत मनात सूड साठवतो; कोकोनट्सची धन्याच्या नजरेत भरण्याची धडपड हसवते, स्नाइव्हलीची लाचारी मात्र अस्वस्थ करते.

अशा जगात आणून ठेवल्यावर सॉनिकचा तोच स्वभाव दोष ठरतो. योजना पुरी ऐकून न घेता तो धावत सुटला, तर मागे राहिलेला एखादा सोबती पकडला जाऊन कायमचा यंत्र होण्याची भीती असते, आणि म्हणून सॅली त्याला वारंवार आवरते. या दोघांच्या कुरबुरींत प्रेम जितके आहे तितकाच घाई आणि विवेक यांचा खरा वाद आहे. टेल्सचेही तेच झाले आहे, कारण पहिल्या मालिकेत तो प्रत्येक मोहिमेत बरोबरीचा सवंगडी असतो, तर दुसरीत लहान मूल म्हणून त्याला बहुतेक वेळा गावातच थांबवले जाते. जिथे धोका खरा, तिथे लहानग्याला जपावेच लागते.

मालिकांतून गेमकडे उलटी वाटचालही झाली. ‘पुयो पुयो’ या जपानी कोडे-गेमचा पेहराव बदलून सेगाने 1993 मध्ये ‘डॉ. रोबोटनिक्स मीन बीन मशीन’ काढला, तेव्हा त्यात प्रतिस्पर्धी म्हणून रोजच्या मालिकेतील स्क्रॅच, ग्राउंडर आणि कोकोनट्स उभे राहिले; शनिवारच्या मालिकेची मंडळी आर्ची प्रकाशनाच्या कॉमिक्समध्ये दोन दशकांहून अधिक काळ नांदली. ती मालिका स्वतः मात्र 1994 मध्ये बंद पडली. शेवटच्या भागात रोबोटनिकचा पाडाव होतो आणि पाठोपाठ नव्या शत्रूची चाहूलही लागते, पण त्याची कथा पडद्यावर कधीच आली नाही.

सेगाच्या मुख्य गेममालिकेने पुढे या दोन्ही जगांतले फारच थोडे ठेवले, आणि जे ठेवले त्यातून पात्रांची जातकुळी कळते. चिली डॉग, म्हणजे पावात सॉसेज घालून वर मसालेदार खिमा ओतलेला पदार्थ, हा कार्टूनमधल्या सॉनिकचा जीव की प्राण. ती आवड 2008 च्या ‘सॉनिक अनलीश्ड’ या गेममध्ये सहज सामावून गेली, कारण ती एका पात्राची वैयक्तिक लकब होती आणि तिला कोणत्याही जगात जागा मिळाली असती. सॅली, बनी आणि काका चक यांना तशी वाट मिळाली नाही, कारण त्यांचे सामर्थ्य, दुःख आणि परस्परांशी असलेले नाते हे सारे एका विशिष्ट रोबोटनिकने केलेल्या विशिष्ट अन्यायातून आले होते. गेममधला रोबोटनिक, आता एगमन या नावाने, पुन्हा हसतखेळत हरणारा खलनायक झाला, तेव्हा ज्याच्याविरुद्ध ती उभी होती तोच उरला नाही आणि त्यांचे प्रयोजनही संपले.