हेरकादंबरी आणि उपांशुदंड

मराठीत ‘गुप्तहेर’ हा एकच शब्द दोन निराळ्या धंद्यांतील माणसांसाठी चालतो. खून झालेल्या घरात शिरून सिगारेटची राख न्याहाळणारा शेरलॉक होम्स हा गुप्तहेर, आणि परमुलखात खोटे नाव घेऊन वर्षानुवर्षे राहणारा सरकारी नोकर हाही गुप्तहेरच. बाबूराव अर्नाळकरांच्या हजाराहून अधिक रहस्यकथांवर वाढलेल्या वाचकाला या दोहोंत फारसे अंतर वाटू नये हे स्वाभाविक आहे. ऐतिहासिक कादंबरीने त्यात बहिर्जी नाइकाची प्रतिमा मिसळली. तेथे हेर स्वामिनिष्ठ असतो, वेषांतरात निष्णात असतो, आणि धन्याचे कार्य धर्माचे असल्यामुळे हेराच्या कृत्यांचा निवाडा करण्याचा प्रसंगच येत नाही. भाषांतरकाराची मात्र या शब्दापाशी अडचण होते. कारण विसाव्या शतकातील इंग्रजी हेरकादंबरीचे सारे मर्म या दोन गुप्तहेरांमधील अंतरात आहे, आणि हे अंतर साहसाचे किंवा कौशल्याचे नसून न्यायाशी असलेल्या नात्याचे आहे.

खुनाचा तपास करणारा जे शोधून काढतो ते चारचौघांत सांगण्यासाठीच शोधून काढतो. शेवटच्या प्रकरणात सर्वांना एका खोलीत जमवून उलगडा करण्याची जी रूढी आहे, ती वाचकाच्या सोयीपुरती नाही. ते एक लहानसे न्यायालयच असते. पुरावा उघड्यावर मांडला जातो, संशयिताला बोलता येते, आणि निरपराध माणसे मोकळी होऊन घरी जातात. हेराला मिळालेले ज्ञान याच्या उलट जातीचे आहे. ते उघड झाले की निरुपयोगी होते, आणि ते देणाऱ्याचा जीवही जातो. साहजिकच त्याची शहानिशा उघड्यावर होऊ शकत नाही. तरीही त्या ज्ञानाच्या आधारे माणसांना शिक्षा होत असतात. मग त्या शिक्षेला न्याय म्हणायचे की आणखी काही?

हा प्रश्न भारतीय परंपरेला नवा नाही, आणि आपल्या परंपरेने त्याला निःसंकोच नाव दिलेले आहे. कौटिल्याच्या ‘अर्थशास्त्रा’त हेरांच्या जातींची सविस्तर गणना आहे, तशीच त्यांच्या वार्तेची कसोटीही आहे: परस्परांना न ओळखणाऱ्या तिघांची वार्ता जुळली तर ती खरी मानावी, आणि वारंवार खोटी पडू लागली तर ती आणणाऱ्यांचा गुपचूप बंदोबस्त करावा. पुढे पाचव्या अधिकरणात, राज्याचा द्रोह करणाऱ्या परंतु उघडपणे हात लावता येत नाही अशा बड्या अधिकाऱ्यांसाठी ‘उपांशुदंड’ सांगितला आहे. उपांशु म्हणजे ओठांतल्या ओठांत, दुसऱ्याला ऐकू जाणार नाही असे. चौकशी नाही, निकालपत्र नाही. माणूस नाहीसा होतो इतकेच. कौटिल्य त्यावर नैतिक रंग चढवीत नाही. हा प्रामाणिकपणा पुढील काळातील गुप्त खात्यांना फारसा साधलेला नाही.

विशाखदत्ताचे ‘मुद्राराक्षस’ हे तर सबंध हेरांचेच नाटक. चंदनदासाचे प्राण वाचवण्यासाठी राक्षस शरण येतो आणि चाणक्याची नीती सफल होते, या शेवटाचे कौतुक पुष्कळ झाले. परंतु पाचव्या अंकात बनावट पत्राच्या पुराव्यावरून मलयकेतू आपल्याच पाच मित्रराजांना ठार मारण्याची आज्ञा देतो. तिघांना खड्ड्यांत पुरायचे, दोघांना हत्तींच्या पायी द्यायचे. हे पाचही राजे, निदान या आरोपापुरते, निर्दोष आहेत. नाटक त्यांच्यापाशी थांबत नाही. सातव्या अंकातील मीलनाच्या आनंदात त्यांची आठवण कोणालाच होत नाही. या पाच राजांपाशी थांबून जी कादंबरी त्यांची नावे विचारते, तीच गंभीर हेरकादंबरी, असे म्हटल्यास फारसे चुकणार नाही.

इंग्रजीतही हे थांबणे आरंभी नव्हते. किपलिंगच्या ‘किम’मध्ये (1901) हेरगिरी हा हिंदुस्थानच्या रस्त्यांवर चाललेला एक मोठा खेळ आहे; साम्राज्याचा हक्क गृहीत असल्याने खेळाचे नियम कोणी विचारत नाही. इयान फ्लेमिंगच्या जेम्स बाँडला (1953 पासून) तर ठार मारण्याचा परवानाच दिलेला आहे. परवाना असला की विवेकाची जबाबदारी कार्यालयावर जाते आणि नायक जेवणाच्या पदार्थांकडे लक्ष द्यायला मोकळा होतो.

पहिला थांबला तो जोसेफ कॉनरॅड. 15 फेब्रुवारी 1894 रोजी लंडनमधील ग्रिनिच वेधशाळेजवळ मार्शल बूर्दँ नावाचा एक फ्रेंच अराजकवादी स्वतःजवळच्याच बाँबने मेला. या घटनेवरून सुचलेल्या ‘द सीक्रेट एजंट’मध्ये (1907) बाँबची कल्पना अराजकवाद्यांची नसून एका परकीय वकिलातीच्या चिटणिसाची आहे: इंग्रज सरकार घाबरावे आणि त्याने निर्वासितांवर कडक कायदे करावेत, एवढाच हेतू. वकिलातीचा पगारी हेर व्हरलॉक हा पोलिसांचाही खबऱ्या आहे. बाँब उचलायला तो आपल्या बायकोच्या मंदबुद्धी भावाला, स्टीव्हीला, घेऊन जातो आणि पोराच्या चिंधड्या होतात. येथे सत्य लपत नाही. पोलिसांना कोटाच्या चिंधीवर शिवलेला पत्ता सापडतो, आणि साहाय्यक आयुक्त त्याच दिवशी मुळाशी पोहोचतो. पण पोहोचून होते काय? चिटणिसाला प्रतिष्ठित क्लबात तोंड दाखवायला जागा उरत नाही, ही त्याची शिक्षा. बहीण नवऱ्याला सुरीने मारते आणि स्वतः समुद्रात उडी घेते. तिला न्याय देणारे आसन कोठेच नसते. शिवाय साहाय्यक आयुक्ताची सत्यनिष्ठाही निर्मळ नाही. ज्या मायकेलिसवर आरोप ढकलायला हाताखालचा अधिकारी हीट उत्सुक आहे, त्याची आश्रयदाती ही आयुक्ताच्या पत्नीची प्रतिष्ठित मैत्रीण आहे. निरपराध माणूस वाचतो तो घरगुती सोयीमुळे. कॉनरॅडचा उपरोध येथे जितका थंड तितकाच निर्दय आहे.

यानंतरची मोठी पायरी म्हणजे जॉन ल कारे यांची ‘द स्पाय हू केम इन फ्रॉम द कोल्ड’ (1963). ल कारे म्हणजे डेव्हिड कॉर्नवेल (1931–2020). ब्रिटिश गुप्त खात्यात ते स्वतः नोकरीला होते, आणि ऑगस्ट 1961 मध्ये बर्लिनची भिंत उभी राहिली त्या सुमारास त्यांची नेमणूक जर्मनीत होती. कथानक बहुश्रुत असले तरी त्यातील न्यायसभेचा प्रसंग बारकाईने पाहण्यासारखा आहे, कारण कादंबरीचे सारे वजन तेथे आहे.

अ‍ॅलेक लीमस हा बर्लिनमधील ब्रिटिश हेरखात्याचा प्रमुख. त्याचे हस्तक एकेक करून पूर्व जर्मन हेरखात्याच्या मुंटने संपवले आहेत. लंडन त्याला सांगते की मुंटचा सूड घ्यायचा आहे. त्यासाठी लीमसने दारुडा, कफल्लक, कैदेत जाऊन आलेला माणूस व्हायचे, पूर्वेकडच्यांनी त्याला विकत घ्यायचे, आणि मुंट ब्रिटिशांचा पगारी आहे असे वाटावे अशा खुणा त्याने अजाणतेपणी सांगितल्यासारख्या सांगायच्या. त्या खुणा मुंटचा दुय्यम, फीडलर, जुळवतो. फीडलर ज्यू आहे, बुद्धिमान आहे, आणि आपल्या विचारसरणीवर त्याची मनापासून श्रद्धा आहे. मुंट जुना नाझी आहे. फीडलर संत नव्हे. ध्येयासाठी काही निरपराध जीव गेले तर चालतील असे तो सरळ म्हणतो, आणि तुमचे लोक कशावर विश्वास ठेवतात असे लीमसला विचारतो. लीमसपाशी उत्तर नसते.

मग गुप्त न्यायसभा भरते. फीडलर आरोप मांडतो: मुंट हा ब्रिटिशांचा हेर आहे. मुंटचा वकील लिझ गोल्ड या लंडनच्या साध्याभोळ्या, कम्युनिस्ट पक्षाच्या सभासद मुलीला साक्षीला उभे करतो. लीमसवर तिचे प्रेम आहे. लीमस तुरुंगात गेल्यावर कोणी तरी येऊन तिची विचारपूस केली, तिच्या घराच्या भाड्याची तजवीज केली, हे ती खरे खरे सांगते. त्यावरून लीमस हा फुटलेला हेर नसून पाठवलेला हेर आहे हे सिद्ध होते, खटला कोसळतो, आणि फीडलरचे मरण निश्चित होते. त्या क्षणी लीमसला उमगते की मुंट खरोखरच ब्रिटिशांचा माणूस आहे, आणि त्याच्यावर संशय घेणाऱ्या फीडलरला संपवण्यासाठीच आपल्याला धाडण्यात आले होते.

या खटल्याची रचना विलक्षण आहे. आरोप खरा आहे, पण त्याचा पुरावा बनावट. बचावाची साक्ष खरी आहे, आणि तिच्यावर उभा राहिलेला निकाल खोटा. साक्षीदार जितकी प्रामाणिक, तितका अन्याय घट्ट होत जातो. न्यायसभेतील अध्यक्षा आपल्या परीने नियमाने वागते. तिला दोष देता येत नाही. न्यायाची यंत्रे शाबूत ठेवून, त्यांच्याच तोंडून अन्याय वदवून घेणे ही लंडनची करामत. शोधकथेत सत्य आणि न्याय हातात हात घालून शेवटच्या खोलीत येतात. ल कारे यांनी तीच खोली घेतली आणि हात सोडवून टाकले. म्हणूनच ही कादंबरी केवळ शीतयुद्धावरची टिप्पणी ठरत नाही. अखेरीस भिंतीवर चढताना लिझला गोळी लागते, कारण ती आता फार जाणते. पलीकडून लीमसला उडी मारण्याच्या हाका येतात, आणि तो उलट अलीकडे, तिच्या देहापाशी उतरून मरण पत्करतो. राक्षसाचे शरण जाणे येथे आठवावे. तेथे मित्रासाठी केलेल्या त्यागाने एक जीव वाचतो आणि राज्य स्थिर होते. येथे काहीच वाचत नाही.

ग्रॅहॅम ग्रीन यांनी ‘द ह्यूमन फॅक्टर’मध्ये (1978) खटलाच काढून टाकला. ग्रीन दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश गुप्त खात्यात होते, आणि 1963 मध्ये मॉस्कोला पळालेला किम फिल्बी हा तेथे त्यांचा वरिष्ठ होता. त्या काळात न्यायालय हीच खात्याची नामुष्की होऊन बसली होती. जॉर्ज ब्लेकला 1961 मध्ये 42 वर्षांची शिक्षा झाली आणि 1966 मध्ये तो तुरुंगातून निसटलाही. ग्रीनच्या कादंबरीत आफ्रिका विभागातून बातमी फुटते आहे. संशय दोघांवर: मॉरिस कॅसल आणि आर्थर डेव्हिस. डेव्हिस अविवाहित आहे, पोर्ट पितो, पैज लावतो, एकदा कचेरीचा कागद जेवताना वाचायला बाहेर नेताना सापडलेला आहे. कॅसल नेमस्त, संसारी. तेव्हा डेव्हिसच असणार, असे खात्याचे डॉक्टर पर्सिव्हल ठरवतात. आणि खटला, गाजावाजा, पलायन असले काही नको म्हणून बुरशी आलेल्या शेंगदाण्यांतील विषाने त्याला मारतात. यकृताचा आजार, असे जग समजते. कौटिल्याला हा उपांशुदंड तत्काळ ओळखता आला असता. मात्र तिघांची वार्ता जुळली होती काय, एवढे त्याने विचारले असते.

बातमी फोडणारा कॅसल आहे. पण त्याचा द्रोह पैशासाठी नाही, मतासाठीही नाही. त्याची कृष्णवर्णीय पत्नी सारा हिला वर्णद्वेष्ट्या दक्षिण आफ्रिकेतून सोडवायला एका कम्युनिस्टाने मदत केली होती. त्या ऋणाची ही फेड. वाचकाची कोंडी येथे पुरी होते. डेव्हिसऐवजी कॅसलला विष दिले असते तर ते न्याय्य झाले असते काय? होय म्हणायला जीभ रेटत नाही, आणि नाही म्हटले तर डेव्हिसच्या मृत्यूतील ‘चूक’ हा शब्दच अपुरा पडतो. चूक माणूस निवडण्यात नव्हती. ल कारे यांच्या खटल्याहून ग्रीनचे हे शांत, जेवणाच्या टेबलावर ठरलेले मरण कलादृष्ट्या अधिक भेदक आहे, कारण त्यात कोणाचीही करामत नाही. आहे ती केवळ सभ्य माणसांची घाई.

या लेखकांच्या मागून आलेल्यांनी नैतिक संदिग्धतेचे पुष्कळदा भांडवल केले हेही नमूद केले पाहिजे. थकलेला हेर, पावसाळी शहर, दोन्ही बाजू सारख्याच, असा एक साचा तयार झाला. सारेच सारखे असे म्हणणे सोपे असते आणि त्यातून वाचकाला एक प्रकारचा आळशी दिलासाही मिळतो. कॉनरॅड, ल कारे, ग्रीन असे म्हणत नाहीत. स्टीव्ही, लिझ, डेव्हिस यांच्या बाबतीत त्यांच्या मनात यत्किंचितही संदिग्धता नाही. संदिग्ध आहे ते मारणाऱ्यांचे समर्थन. मेलेल्यांचे निरपराधित्व नव्हे.

ल कारे यांना तर हा हिशेब मिटवल्याशिवाय राहवले नाही. ‘द स्पाय हू केम इन फ्रॉम द कोल्ड’नंतर 54 वर्षांनी, 2017 मध्ये, त्यांनी ‘अ लेगसी ऑफ स्पाइज’ लिहिली. तीत लीमसचा मुलगा आणि लिझची मुलगी गुप्त खात्याविरुद्ध कायदेशीर दावा उभा करतात, आणि त्या कारवाईत सामील असलेल्या वृद्ध पीटर गिलमला ब्रिटनी प्रांतातील शेतावरून लंडनला बोलावले जाते. खात्याचे तरुण वकील त्याच्यापुढे जुनी कागदपत्रे ठेवतात. त्यांना मेलेल्यांची चिंता नसते. खात्यावर किती बोट येईल एवढेच त्यांना मोजायचे असते. तरीही त्या निमित्ताने, बर्लिनच्या भिंतीपाशी पडलेल्या दोन देहांबद्दल कोणी तरी पहिल्यांदा लेखी उत्तर मागितलेले असते.