खेळ संगणकात कुठे राहतात?

आता पुष्कळ घरांत संगणक आला आहे. मुलगी त्यावर अभ्यास करते. मुलगा खेळ खेळतो. लग्नकार्याचे फोटो त्यातच. पीकविम्याची पावती त्यातच. सातबाराचा उतारा त्यातच. घर एक, कोठार एक आणि माल मात्र सगळ्यांचा!

मग एक दिवस पडद्यावर सूचना येते : जागा संपत आली. संगणक रखडत चालू लागतो. नवे कागद ठेवता येत नाहीत. घरात भांडण सुरू होते. बाप म्हणतो, "तुझ्या खेळांनी वाटोळं केलं." पोरगा म्हणतो, "बाबा, दोनच तर खेळ आहेत." कोणी सांगतो, "सगळं पुसून कोरं करा." मग घाईत नको ते पुसले जाते. खेळ परत आणता येईल. पण लेकीच्या लग्नाचे फोटो गेले तर ते कुठून आणणार?

म्हणून आम्ही म्हणतो, आधी कोठारात दिवा घेऊन जा. काय आहे, कुठे आहे, किती आहे, ते पाहा. मगच हात लावा. पडद्यावरचे शब्द इंग्रजीत असतील तर पोरांना शेजारी बसवा. ते वाचतील, तुम्ही विचारा. विंडोजमध्ये मराठी भाषाही निवडता येते.

कोठार आणि त्याची मापे

संगणकात माल साठवण्याच्या जागेला ड्राइव्ह म्हणतात. जुन्या पद्धतीच्या ड्राइव्हमध्ये तबकडी फिरते. नव्या पद्धतीच्या ड्राइव्हला एसएसडी म्हणतात. त्यात फिरणारे काही नसते, म्हणून तो पुष्कळ वेगाने चालतो.

ड्राइव्हला अक्षरांची नावे असतात. पहिला बहुधा सी असतो. मग ए आणि बी कुठे गेले? आयबीएम कंपनीने १९८१ साली आपला घरगुती संगणक काढला. त्यात पातळ चकत्या घालण्याच्या खाचा होत्या. त्यांना ए आणि बी ही अक्षरे मिळाली. १९८३ च्या संगणकात आतला पक्का ड्राइव्ह आला, त्याला सी मिळाले. चकत्या गेल्या, पण सी आपल्या जागी राहिला. विंडोज म्हणजे संगणकाचा मुख्य कारभारी. त्याचे बिऱ्हाड या सी मध्येच असते. म्हणून सी भरला की सगळा संगणक अडतो.

डी ड्राइव्ह असेल तर एक गोष्ट नीट विचारून घ्या. काही संगणकांत सी आणि डी हे दोन वेगळे ड्राइव्ह असतात. काहींत एकाच ड्राइव्हचे दोन भाग पाडलेले असतात. म्हणजे एका घरात मध्ये भिंत घालून दोन खोल्या केल्या. घर कोसळले तर दोन्ही खोल्या जातात. म्हणून मोलाच्या फोटोंची दुसरी प्रत संगणकाबाहेरच्या वेगळ्या ड्राइव्हवर ठेवावी.

आता मापे पाहू. धान्याला किलो आणि क्विंटल, तसे इथे एमबी आणि जीबी. १०२४ एमबी म्हणजे १ जीबी. मोबाइलवरचा एक फोटो साधारण ४ एमबी धरू. आजचे मोठे खेळ १०० जीबीच्या पुढेही जातात. हिशोब करा. १०० जीबीच्या एका खेळाच्या जागेत असे २५ हजार फोटो मावतील! पोरगा "दोनच खेळ" म्हणतो ते खोटे नाही. पण ते दोन खेळ हत्ती आहेत.

खेळ एवढे मोठे का? त्यात चित्रे असतात, आवाज असतात, डोंगर, घरे, माणसे असतात. सगळे बारीक तपशिलाने काढलेले असते. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या मंडळींनी २०२० साली 'राजी' नावाचा खेळ काढला. त्यातले देवळांचे खांब, राजवाडे, रंगवलेल्या भिंती, हे सारे ड्राइव्हवर जागा घेऊन बसते.

आणखी एक शंका लोक विचारतात. "५०० जीबीचा ड्राइव्ह घेतला, विंडोज ४६५ च दाखवतं. दुकानदारानं फसवलं का?" नाही. ड्राइव्ह बनवणारे हजाराच्या पटीत मोजतात, विंडोज १०२४ च्या पटीत मोजते. माल तोच, माप वेगळे.

खेळ शोधावा कसा?

पहिल्यांदा ड्राइव्ह किती भरला ते पाहू. 'धिस पीसी' नावाचे चित्र उघडा. तिथे प्रत्येक ड्राइव्हची एक पट्टी दिसते. पट्टी तांबडी झाली असेल तर जागा संपत आली असे समजा.

मग सेटिंग्ज उघडा. तिथे अ‍ॅप्स, आणि त्यात इन्स्टॉल्ड अ‍ॅप्स. संगणकावर घातलेल्या गोष्टींची ही यादी आहे. ही यादी आकाराप्रमाणे लावता येते, म्हणजे सगळ्यांत मोठे नाव वर येते. हत्ती कोण आणि ससा कोण, ते लगेच कळते.

यादीत पुष्कळदा खेळ सापडतो. पण तो बसला आहे कुठे? ते तो कुठल्या दुकानातून आला यावर ठरते. संगणकाचे खेळ आता बहुतेक इंटरनेटवरच्या दुकानांतून येतात. व्हॉल्व्ह या अमेरिकन कंपनीने २००३ साली सुरू केलेले स्टीम हे त्यांतले एक मोठे दुकान. स्टीमचे खेळ एरवी असे सापडतात : सी ड्राइव्ह, त्यात 'प्रोग्राम फाइल्स एक्स ८६' हा कप्पा, त्यात 'स्टीम', त्यात 'स्टीमअ‍ॅप्स' आणि त्यात 'कॉमन'. एपिक या दुकानाचे खेळ 'प्रोग्राम फाइल्स' मध्ये 'एपिक गेम्स' या कप्प्यात असतात. एक्सबॉक्सचे खेळ 'एक्सबॉक्सगेम्स' या कप्प्यात.

हे सगळे पाठ करायला नको. स्टीम उघडा. खेळाच्या नावावर उंदराचे उजवे बटण दाबा. 'मॅनेज' निवडा, मग 'ब्राउझ लोकल फाइल्स'. खेळाचा कप्पा आपोआप समोर उघडतो.

आला त्याच दाराने जाऊ द्या

खेळ काढायचा तर लोक दोन चुका करतात.

पहिली चूक. पडद्यावरचे खेळाचे चित्र पुसतात आणि म्हणतात, "काढला की." अहो, ती नुसती पाटी आहे! दुकानाची पाटी उतरवली म्हणून आतला माल जातो का? जागा तितकीच अडलेली राहते.

दुसरी चूक. खेळाचा कप्पाच हाताने पुसतात. शाळेतून मुलगा गेला, पण पटावरून त्याचे नाव काढले नाही, तर हजेरीत रोज घोळ होतो. इथे तसेच होते. खेळ गेला, पण विंडोजच्या आणि दुकानाच्या पटावर त्याचे नाव राहिले. शिवाय शेजारचा भलताच कप्पा पुसला गेला तर संगणकच बसायचा.

म्हणून खेळ ज्या दाराने आला त्याच दाराने बाहेर काढावा. स्टीमचा खेळ स्टीममधून. बाकीचे आपापल्या दुकानातून, नाही तर इन्स्टॉल्ड अ‍ॅप्सच्या यादीतून. शब्द एकच आहे : अनइन्स्टॉल. विकत घेतलेला खेळ असा काढला तरी तो तुमच्या खात्यावर राहतो. पुन्हा हवा तेव्हा उतरवून घेता येतो.

काढण्याआधी हलवता येतो का, पाहा

पुन्हा उतरवता येतो खरा, पण त्याचा खर्च पाहा. मोबाइलवर रोज २ जीबी इंटरनेट मिळत असेल, तर १०० जीबीचा खेळ उतरायला ५० दिवस लागतील. म्हणून डी ड्राइव्हवर जागा असेल तर खेळ काढू नका, हलवा.

स्टीममध्ये सेटिंग्ज उघडून 'स्टोरेज' वर जा. डी ड्राइव्ह तिथे नसेल तर तो जोडा. मग यादीतला खेळ निवडा आणि 'मूव्ह' म्हणा. थोडा वेळ लागेल. मध्येच वीज जाऊ नये, म्हणून वीज भरवशाची असेल अशीच वेळ निवडा.

कोणता खेळ कुठे ठेवावा? रोज खेळायचा तो वेगाच्या एसएसडीवर, अधूनमधून खेळायचा तो दुसरीकडे. रोजचे पीठ डब्यात असते आणि वर्षाचे धान्य कणगीत, तसेच हे.

खेळ वेगळा, कमाई वेगळी

आता सगळ्यांत महत्त्वाचे. पोराने सहा महिने खेळून जी मजल मारली, ती जमा वेगळ्या जागी लिहिलेली असते. खेळ १०० जीबीचा असला तरी ही जमा बहुधा अगदी लहान असते. ती कधी 'डॉक्युमेंट्स' मधल्या 'माय गेम्स' कप्प्यात असते, कधी 'सेव्ह्ड गेम्स' मध्ये, तर कधी 'अ‍ॅपडेटा' या लपवलेल्या कप्प्यात.

म्हणून "हे काय नको ते साठलंय" असे म्हणून हे कप्पे झाडू नका. त्याने जागा फारशी सुटणार नाही, पण पोराची कमाई जाईल. पुष्कळ खेळांची जमा स्टीम दूर आपल्याकडेही जपते. पण सगळ्यांची नाही. खेळ काढण्याआधी हा कप्पा पेनड्राइव्हवर उतरवून घ्यावा.

पोराला खेळाचा राग येऊन शिक्षा करायची असेल तर वेळ ठरवून द्या. त्याची जमा पुसू नका. घामाने केलेले मोडले की माणूस दुखावतो, मग तो लहान असो की थोर.

ध्यानात ठेवा

१. आधी पाहा, मग हात लावा.
२. पडद्यावरचे चित्र पुसले म्हणजे खेळ गेला असे नाही.
३. खेळ आला त्याच दाराने बाहेर काढा.
४. जमेचा कप्पा जपा. फोटोंची दुसरी प्रत ठेवा.
५. पुसलेले फोटो आणि फाइली आधी 'रिसायकल बिन' या टोपलीत जातात. टोपली रिकामी केल्यावरच जागा सुटते. रिकामी करण्याआधी एकदा आत पाहा.
६. सी ड्राइव्हचा निदान पाचवा हिस्सा मोकळा ठेवा.

आज संध्याकाळी घरातल्या सगळ्यांनी मिळून ती यादी उघडा. सगळ्यांत मोठी तीन नावे वहीत लिहा. त्यांपुढे जीबीचा आकडा लिहा. मग काय ठेवायचे, काय हलवायचे आणि काय काढायचे ते पोरांना विचारून ठरवा. कोठारात काय आहे ते सगळ्यांना ठाऊक असले, तर घरात भांडणाला कारण उरत नाही.