निशाणी पाचची सुनावणी

रेडीत एप्रिलची सकाळ. आठ वाजले नाहीत तोवर अंगाला घाम सुटतो. खाणींची तांबडी धूळ रस्त्यावर, कुंपणांवर, माडांच्या बुंध्यांवर बसलेली आहे. वाटेच्या कडेला चिऱ्याचं घर. पडवीत एक आजी पिशवी उघडून बसल्या आहेत. घरपट्टीच्या पावत्या, विजेची बिलं, घडीवर फाटलेला जुना सातबारा. "ह्यो माड माज्या सासऱ्यान लायलेलो," त्या अंगणाकडे बोट करतात. घर त्यांचं, जमीन दुसऱ्याच्या नावावर. ती आता विकली गेली आहे आणि घर खाली करा म्हणून नोटीस आली आहे.

बांधावर चुन्याची ताजी रेघ आहे. खाडीपलीकडे गोवा. मोपाचा विमानतळ जानेवारी २०२३ मध्ये सुरू झाला, आणि जमिनी बघायला येणाऱ्या गाड्या आता वाडीपर्यंत पोचतात.

आज वेंगुर्ल्याच्या कोर्टात तारीख आहे. आजींची एसटी शिरोड्याहून पुढे निघते. आरवलीला वेतोबाच्या देवळासमोर बसमधले हात आपोआप जोडले जातात. आजी डोळे मिटून मनातल्या मनात गाऱ्हाणं घालतात. पिशवी छातीशीच आहे.

वेंगुर्ल्यात कोर्टाच्या व्हरांड्यात बाकं भरलेली. उरलेली माणसं भिंतीला टेकून उभी. पंखा गरम हवाच फिरवतो. झेरॉक्सवाल्याकडे रांग आहे. दाव्यातल्या तातडीच्या मनाई अर्जाला इथे सगळे 'निशाणी पाच' म्हणतात. "तुमची निशाणी पाच झाली?" एक म्हातारा शेजाऱ्याला विचारतो. शेजारी मान हलवतो. पुढची तारीख.

बाकावरच्या गप्पा १ एप्रिल १९५७ पर्यंत मागे जातात. त्या 'कृषक दिनी' कसणारी कुळं जमिनीची मालक मानली गेली. ज्यांची नावं तेव्हा कागदावर नव्हती, त्यांची नातवंडं आज तारखा मोजतात. खाडीपलीकडे गोव्यात मुंडकाराच्या, म्हणजे दुसऱ्याच्या जमिनीत घर करून राहणाऱ्याच्या, घराला १९७५ च्या कायद्याचं संरक्षण आहे. अलीकडे १९४८ च्या कुळकायद्याचं कलम १६ आहे: मालकाच्या जागेत कुळाने स्वखर्चाने बांधलेलं राहतं घर सहजी खाली करून घेता येत नाही. पण आधी कूळ असल्याचं ठरायला हवं, आणि ते दिवाणी कोर्ट ठरवत नाही. तो मुद्दा तहसीलदारांकडे जातो. दावा थांबतो. वर्षं जातात.

पुकारा होतो. आजी चपला सावरत आत जातात. समोरचे वकील खरेदीखत दाखवतात, नव्या नावाचा सातबारा दाखवतात. आजींचे वकील पावत्या एकेक करून पुढे ठेवतात. न्यायाधीश तीन गोष्टी बघतात. सकृद्दर्शनी दाव्यात तथ्य आहे का? मनाई दिली किंवा नाकारली तर जास्त गैरसोय कोणाची? आणि होणारं नुकसान पैशाने भरून येईल का? पाडलेलं घर पैशाने परत उभं राहत नाही, वकील सांगतात.

दुपारी हुकूम होतो. पुढील तारखेपर्यंत जागेची स्थिती जैसे थे. "म्हणजे घर आमचा झाला?" आजी विचारतात. "नाय, अजून नाय. पण तोवर कोणी हात लावूचो नाय," कारकून समजावतो. हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होऊ शकते, तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते. नकलेचा अर्ज भरायला आजी खिडकीकडे वळतात. तिथेही रांग आहे.

हा हुकूम जमीन कोणाची ते ठरवत नाही. ते ठरेपर्यंत माणसाला छपराखाली ठेवतो, आणि एवढं तरी न्यायाने केलंच पाहिजे. निकाल दहा वर्षांनी बाजूने लागला आणि घरच उरलं नाही, तर त्या निकालाचं करायचं काय?

म्हणून नोटीस आली तर घाबरून घर सोडू नका, कोऱ्या कागदावर सही करू नका. वहिवाटीचा प्रत्येक कागद जपा आणि लगेच वकील गाठा. तालुक्याच्या विधी सेवा समितीकडे स्त्रियांना, अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना उत्पन्न न विचारता मोफत वकील मिळतो. आणि कायद्याबाहेर जाऊन कोणी बाहेर काढलंच, तर कब्जा परत मागणारा दावा सहा महिन्यांच्या आत दाखल करा. त्या दाव्यात मालकी सिद्ध करावी लागत नाही.