पाणी घातले की दुधाळ का होते?

ग्रीसमधील ऊझो, तुर्कस्तानातील राकी, लेबॅनॉनमधील अरक आणि फ्रान्समधील पास्तिस या मद्यांमध्ये एक साम्य आहे. बाटलीत ती पारदर्शक असतात, पण पेल्यात पाणी ओतताच दुधासारखी पांढरी होतात. एरवी पाणी घातल्याने द्रावण फिकट होते. येथे उलट घडते. पांढरेपणा आला म्हणजे रासायनिक अभिक्रिया झाली, असे विद्यार्थी पटकन म्हणतील. ते बरोबर आहे का?

या मद्यांना विशिष्ट वास आणि गोडसर चव देणारा पदार्थ म्हणजे ॲनेथोल. तो अनीस या वनस्पतीच्या बियांत असतो. आपली बडीशेप अनीसच्याच कुळातली. मसाल्यातले बाद्यान (चक्रीफूल) मात्र अगदी वेगळ्या कुळातल्या झाडाचे फळ. तरीही या तिन्हींचा प्रमुख सुगंधी घटक ॲनेथोलच आहे.

ॲनेथोलच्या रेणूत १० कार्बन, १२ हायड्रोजन आणि १ ऑक्सिजन असे अणू असतात. बेंझीनच्या कड्याला एका टोकाला मिथॉक्सी गट आणि समोरच्या टोकाला तीन कार्बनची साखळी जोडलेली असते. साखळीतील दुहेरी बंध कड्यालगत असतो. तोच बंध साखळीच्या शेवटी सरकला की एस्ट्रागोल हा निराळ्या वासाचा पदार्थ होतो. रेणुसूत्र एकच, रचना वेगळी: समघटकतेचे हे चांगले उदाहरण आहे.

ॲनेथोलचा रेणू बहुतांशी हायड्रोकार्बनचा असल्यामुळे तो अल्कोहोलमध्ये सहज विरघळतो, पाण्यात जवळजवळ विरघळत नाही. पास्तिसमध्ये दर लिटरला सुमारे २ ग्रॅम ॲनेथोल आणि ४० ते ४५ टक्के अल्कोहोल असते. एवढ्या अल्कोहोलमध्ये ते विरघळून राहते. आता त्यात तेवढेच पाणी घाला. ॲनेथोलचे प्रमाण निम्मे होते, पण अल्कोहोलही निम्म्यावर येते आणि द्रावणाची ॲनेथोल सामावून घेण्याची क्षमता निम्म्याहून कितीतरी अधिक घटते. खरी मेख येथेच आहे. प्रमाण कमी होते त्यापेक्षा विद्राव्यता फार वेगाने घसरते. म्हणून जादा ॲनेथोल सूक्ष्म थेंबांच्या रूपाने सर्वत्र एकाच वेळी बाहेर पडते.

हे थेंब साधारण एक मायक्रॉन आकाराचे असतात. ते सर्व रंगांचा प्रकाश जवळजवळ सारखाच विखुरतात. म्हणून मिश्रण ढगासारखे पांढरे दिसते. ॲनेथोलची घनता पाण्याच्या अगदी जवळची असल्याने थेंब लवकर वरही येत नाहीत आणि तळालाही बसत नाहीत. साबणासारखा कोणताही पायसकारक न घालता हे पायस बराच काळ टिकते, याचे शास्त्रज्ञांनाही कुतूहल वाटले. २००३ मध्ये विताले आणि कॅट्झ यांनी या घटनेला ‘ऊझो परिणाम’ असे नाव दिले. औषधे वाहून नेणारे अतिसूक्ष्म कण बनवण्यासाठीही हेच तत्त्व वापरतात.

नवा पदार्थ मात्र येथे तयार झालेला नाही. दुधाळ मिश्रणात पुरेसे अल्कोहोल घातले की ते पुन्हा स्वच्छ होते. हा भौतिक बदल आहे.

वर्गात यासाठी मद्याची गरज नाही. कापराची बारीक पूड थोड्या स्पिरिटमध्ये विरघळवून ते द्रावण पाण्यात ओता. येथे द्रव थेंबांऐवजी कापराचे घन कण बाहेर पडतात, पण कारण तेच. आधी नुसते स्पिरिट पाण्यात ओतून ते स्वच्छ राहते ना, हे अवश्य पाहावे. नाहीतर निष्कर्षाला अर्थ राहणार नाही. जवळ ज्योत ठेवू नये. नंतर पांढऱ्या मिश्रणात स्पिरिट वाढवत जा. ते पुन्हा निवळले, की सुरुवातीच्या प्रश्नाचे उत्तर विद्यार्थ्यांनाच देऊ द्या.